मंजुरीबाहेरचा पाऊस

पनवेल, १८ मे १९५८

चि. मोझेस यास गर्शोमकाकाचे आशीर्वाद. शालोम.

तुझं कार्ड पोचलं. एकदा वाचलं, दोनदा वाचलं, मग चष्मा पुसून तिसऱ्यांदा वाचलं. बाबा रे, ज्या पर्जन्यनोंद कचेरीच्या पत्त्यावर मी बावीस वर्षं दर महिन्याला पावसाचं कार्ड टाकत आलो, त्या कचेरीत आता आमच्या हायमचा मुलगा शास्त्रज्ञ म्हणून बसणार! तुझा बाप असता तर आज आळीभर नारळ वाटत फिरला असता. मी त्याच्या वतीने पाच वाटले.

मी शिकलेला नाही, तुला ठाऊकच आहे. चार बुकं झाली आणि दवाखान्यात बाटल्या धुवायला लागलो. बाटल्या धुता धुता कंपाउंडर झालो. दवाखान्याच्या आवारात पावसाचं भांडं बसवलं तेव्हा डॉक्टर म्हणाले, "गर्शोम, तुझा हात मापाचा आहे, हे तूच बघ." तेव्हापासून बघतो आहे. नोकरी संपली, पण सकाळी साडेआठची ती पाच मिनिटं संपली नाहीत. कातकरवाडीची साळू लाकडाची मोळी घेऊन येते, ती माझ्या डोक्यावर छत्री धरते, मी काचेच्या मापात पाणी ओततो. इंच किती, सेंट किती, म्हणजे इंचाचे शंभरावे भाग किती, ते वहीत मांडतो. झालं.

तर तू आता एक कर. ती कचेरी आतून कशी दिसते ते मला लिही. बावीस वर्षं देवळाबाहेर उभा राहून नमस्कार केला, गाभारा कधी पाहिला नाही, असं माझं झालं आहे.

हॅनावहिनींना सांग, पुण्याच्या हवेत गुडघे सांभाळा.

तुझा,
गर्शोमकाका


पुणे, १ जून १९५८

तीर्थरूप गर्शोमकाकांस मोझेसचा नमस्कार. शालोम.

गाभाऱ्याचं वर्णन कर म्हणता? गाभाऱ्यात देवापेक्षा फायली जास्त आहेत. आम्ही सहा तरुण शास्त्रज्ञ एका खोलीत बसतो. पेन्सिल हवी असली तर आधी जुन्या पेन्सिलीचं थोटूक जमा करायचं, ते दोन सह्यांनी तपासलं जातं, मग नवी मिळते. परवा मला तापमापी हवी होती. "जुनीचं थोटूक आणा," असं उत्तर आलं!

मग आम्ही काय करतो, हसतो. चहाच्या वेळी आमचं एक गुप्त शास्त्र चालतं. ढगांचे जे शास्त्रीय प्रकार आहेत त्यांत माझ्या शेजारच्या बळीरामने एक नवा घातला आहे: 'विचाराधीन ढग'. उंची सहा टेबलं, सगळं आकाश व्यापतो, पाऊस शून्य. फाईलच्या वेगाचा आलेख काढून तो आम्ही गोगलगाईच्या आलेखाशेजारी लावला. गोगलगाय पुढे आहे. बाहेरच्याला यात काही वाटायचं नाही, पण आमचे दिवस त्यावर निघतात. शिवाय मी अजून उमेदवारीवर आहे, ऑक्टोबरात कायम व्हायचा आहे. तोंड उघडून साहेबांना काही सांगायची सोय नाही. हसायची आहे.

तुमच्यासाठी एक गंमत वेगळ्या टपालाने पाठवत आहे. पोचली की कळवा.

आईचा शालोम.

आपला,
मोझेस


पनवेल, १२ जून १९५८

चि. मोझेस यास आशीर्वाद.

गंमत पोचली! नानकटाईचा डबा वहिनींनी असा बांधला होता की सुतळी सोडवायला मला कात्री आणि साळू दोन्ही लागल्या. एक तुकडा तिच्या सासूला, म्हातारी चिंगीला, पाठवला. चिंगी आता सत्तरीची, तोंडात दात नाही. ती म्हणे, "ही भाकर गोड हाय, पन पोट कवा भरनार?"

त्याच दिवशी तुमच्या कचेरीचं परिपत्रकही आलं. पिवळा लिफाफा, शिक्का, सगळं रीतसर. त्यात असं आहे की चालू वर्षी प्रत्येक केंद्राला दररोज जास्तीत जास्त चार इंच पाऊस मंजूर झाला आहे. त्याहून जास्त पडल्यास पूर्वपरवानगीशिवाय मोजू नये व नोंदवू नये. परवानगीचा अर्ज तीन प्रतींत करावा आणि निकाल लागेपर्यंत जादा पाऊस स्वच्छ, झाकणाच्या भांड्यात जपून ठेवावा.

वाचून ठेवलं. त्याप्रमाणे तजवीजही केली आहे. दवाखान्यातल्या बारा औंसी बाटल्या जुन्या सामानात होत्या, त्यांतल्या सहा उकळत्या पाण्यात धुतल्या, बुचं नवी घेतली, लाख आणून ठेवली. भिंतीवर फळी ठोकली. तुमच्या कचेरीने पनवेलच्या बाजूने काळजी करू नये.

तुझा,
गर्शोमकाका


पुणे, १७ जून १९५८

तीर्थरूप काकांस नमस्कार.

तुमची तजवीज इथे सर्वांना फार म्हणजे फारच पसंत पडली. पत्रातला तेवढा भाग बळीरामने चहाच्या वेळी उभं राहून वाचून दाखवला. लाखेपाशी आला तेव्हा त्याला पुढे वाचवेना. तो म्हणतो, अशी दहा केंद्रं असती तर खात्याचं सोनं झालं असतं. काका, तुम्ही आमच्यातलेच निघालात!

बाकी क्षेम. आईचे गुडघे तसेच.

आपला,
मोझेस


पनवेल, २० जुलै १९५८

चि. मोझेस यास आशीर्वाद.

शुक्रवारी इथे जे झालं ते लिहायला आज बसतो आहे. काल शब्बाथ, दौतीला हात लावायचा नव्हता.

गुरुवारी दुपारपासून जो धरला तो शुक्रवारी उजाडेपर्यंत सुटला नाही. असा पाऊस मी बावीस वर्षांत पाहिला नाही. अमावस्येची भरती खाडीतून वर चढलेली, डोंगरातून गाढी नदी लोटत आलेली, दोघींच्या मध्ये कातकरवाडी. सगळ्या अकरा झोपड्या गेल्या. माणसं मात्र वाचली रे, देवाची दया. साळूचा नवरा बुधा आईला पाठीवर घेऊन आला. चिंगी म्हातारी त्याच्या पाठीवरून ओरडत होती, "माजी कोंबडी र्‍हायली, माजी कोंबडी!" आता सगळे शाळेच्या ओसरीवर आहेत. आपल्या लोकांनी भाताचं पातेलं चढवलं आहे. बाजारपेठेतूनही धान्य येतं.

त्या सकाळीही साळू छत्री धरायला आली. घर वाहून गेलं होतं तिचं. मी म्हटलं, "पोरी, आज कशाला?" तर म्हणाली, "मंग तुमी भिजाल ना."

भांड्यातली आतली बाटली भरून पाणी बाहेरच्या डब्यात सांडलं होतं. अर्ध्या अर्ध्या इंचाची आठ मापं मोजली, चार इंच झाले, तिथे हात थांबवला. वहीत '४.००' मांडलं. उरलेला पाऊस बाटल्यांत भरला. तीन गळ्यापर्यंत आणि चौथीच्या तळाशी थोडा. बुचं लावून लाखबंद केल्या आणि तारखेच्या चिठ्ठ्या डकवल्या. साळू बघत होती. "ह्यो कुनाचा?" तिने विचारलं. मी म्हटलं, "हा अजून कोणाचा नाही."

अर्ज तीन प्रतींत कचेरीच्या पत्त्यावर निराळा टाकला आहे. रीतसर जायचा तिथे जाऊ दे, पण तू आत आहेस म्हणून सांगतो, जरा लक्ष ठेव. एवढा मोठा पाऊस फळीवर ठेवून मला चैन पडत नाही.

तुझा,
गर्शोमकाका


पुणे, २५ जुलै १९५८

तीर्थरूप काकांस नमस्कार.

पत्र वाचून फार वाईट वाटलं. आईनेही जुनी लुगडी काढून ठेवली आहेत, येणाऱ्याबरोबर पाठवते.

जादा पावसाचं काम मी पाहतो. तुम्ही फक्त एक करा, बाटल्या उघडून पाणी मोजा आणि आकडा मला खाजगी पत्राने कळवा. वहीत तो मागाहून लिहिला तरी चालेल. कचेरीला निराळं पत्र लिहू नका. अर्जाबद्दल कोणाशी बोलूही नका.

घाईत आहे.

मोझेस


पनवेल, ८ ऑगस्ट १९५८

चि. मोझेस यास आशीर्वाद.

तुझं पत्र मला नीटसं उमगलं नाही. परिपत्रक म्हणतं मोजू नये, तू म्हणतोस मोजा. तुझं पत्र खाजगी, परिपत्रकावर शिक्का होता. मी कोणाचं ऐकू? माझ्याजवळ विद्या नाही, मोझेस, नियम पाळणं एवढीच माझी विद्या. शनिवारी लिहू नये म्हटलं, लिहिलं नाही. का म्हणून विचारलं नाही. ज्याने नियम घातला त्याला कारण ठाऊक असेल, असं धरून माझी साठ वर्षं गेली. मंजुरीचा कागद पाठव, त्याच मिनिटाला लाख फोडतो.

पण लवकर पाठव. आता तो आकडा माझा एकट्याचा राहिलेला नाही. सरकारने पूरग्रस्तांना उंचावर जागा द्यायचं ठरवलं आहे. करंजाड्याच्या बाजूला एक माळ आहे, तिथे पाणी चढत नाही. अट अशी की चोवीस तासांत पाच इंचांच्या वर पाऊस पडलेला असला पाहिजे, तरच ती अतिवृष्टी. मी बुधाला घेऊन मामलेदार कचेरीत गेलो. तिथे काशिराम कारकून आहेत. त्यांनी माझीच वही माझ्यापुढे धरली.

"आपटेकर, हे अक्षर कोणाचं?"

"माझं."

"किती लिहिलंय?"

"चार इंच. पण जादा पाऊस बाटल्यांत आहे, मंजुरी यायची आहे."

त्यांनी वही मिटली. माणूस वाईट नाही. म्हणाले, "अहो, बाटलीतलं पाणी पावसाचं कशावरून? उद्या कोणी विहिरीचं भरून आणील. मला वहीतला आकडा लागतो. चार म्हणजे पाच नव्हेत."

बाहेर आल्यावर बुधाने विचारलं, "काका, पाऊस कमी पडला व्हता का?" काय सांगू मी त्याला? मी म्हटलं, "पुण्याहून कागद येतोय."

शाळा पुन्हा सुरू झाली तशी ओसरी रिकामी करावी लागली. आता अकराही कुटुंबं पुन्हा नदीकाठी गेली आहेत, त्याच जागी. कुडाच्या भिंती, वर पळसाची पानं. श्रावण अजून पुढे आहे. पावसाने यांच्याशी काही करार केलेला नाही.

उत्तर उलट टपाली दे.

तुझा,
गर्शोमकाका


पनवेल, १८ ऑगस्ट १९५८

चि. मोझेस यास,

दहा दिवस झाले, तुझं पत्र नाही.

शनिवारी दुपारी अमावस्येच्या मागची भरती होती आणि वर डोंगरात पाऊस झाला. इथे तर ऊन पडलं होतं. म्हणून कोणी सावध नव्हतं. बुधा आणि साळू लाकडाला गेलेली. चिंगी एकटी झोपडीत. पाणी आलं तसं शेजारच्या बायकांनी हाका मारल्या. ती उठलीही असेल. काल सकाळी खाडीच्या तोंडाशी चिपीच्या खारफुटी झाडांत सापडली.

मी मातीला गेलो होतो. बुधा रडला नाही. साळूने मला एकच विचारलं, "काका, तुमचा कागुद आला का?"

मंजुरी आली की नाही, एवढं एक कार्डावर लिहून टाक.

गर्शोम


पुणे, २२ ऑगस्ट १९५८

तीर्थरूप काकांस,

नमस्कार लिहायचं धैर्य नाही.

मंजुरी येणार नाही. ती कोणीच देऊ शकत नाही, कारण ते परिपत्रक खोटं आहे. मी आणि बळीरामने ते मेच्या अखेरीस चहाच्या वेळी टाइप केलं. कचेरीच्या रीतीची थट्टा होती ती, आमच्या खोलीपुरती. वेगळ्या टपालाने पाठवतो म्हटलेली गंमत तीच होती, नानकटाई आईने मला न सांगता पाठवली. कचेरीचा लिफाफा आणि शिक्का मीच वापरला, म्हणजे तुम्ही उघडताना दचकाल आणि मग हसाल. तुम्ही "तजवीज केली" असं लिहिलंत तेव्हा मला वाटलं तुम्ही थट्टेला थट्टेने उत्तर देत आहात. तुमचा तीन प्रतींतला अर्ज आला तेव्हा मी रजेवर होतो. टपालातून तो आमच्याच खोलीत आला, सगळ्यांना थट्टाच वाटली, आणि तो भिंतीवर टाचणीने लावला गेला, गोगलगाईच्या आलेखाशेजारी. तो फाईलला कधी लागलाच नाही.

तुमचं वीस जुलैचं पत्र वाचलं त्या क्षणी मला सगळं कळलं. त्याच दिवशी साहेबांकडे जायला हवं होतं. मी गेलो नाही. ऑक्टोबरात कायम व्हायचं होतं, आई माझ्यावर अवलंबून आहे, असं मनाशी म्हणत राहिलो. आकडा गुपचूप मिळाला तर गुपचूप चढवून टाकीन, कोणाला काही कळणार नाही, असा हिशेब होता. तुम्ही बाटल्या उघडल्या नाहीत. मला तुमचा राग आला, काका, हेही लिहून टाकतो. मग आठ ऑगस्टचं पत्र आलं. माळाची गोष्ट त्यात होती. ते पत्र मी खिशात घालून आठ दिवस हिंडलो. जुलैतच कबूल केलं असतं तर चिंगी माळावर असती.

काल मोठ्या साहेबांना सगळं लेखी दिलं. बळीरामचं नाव घातलेलं नाही. पाठवलं मी, दडवलं मी.

बाटल्या फोडा. दोन साक्षीदारांसमोर मोजा आणि आकडा साहेबांच्या नावाने पाठवा. माझ्या कबुलीची नक्कल सोबत आहे, ती जोडा. तिच्याशिवाय त्या पाण्याला कोणी पाऊस म्हणणार नाही.

मोझेस


पनवेल, २९ ऑगस्ट १९५८

मोझेस,

बाटल्या काल उघडल्या. दवाखान्याचे डॉक्टर आणि शाळेचे हेडमास्तर साक्षीला होते. तीन इंच बेचाळीस सेंट. चार मिळवले की सात इंच बेचाळीस. आकडा, सह्या आणि तुझी नक्कल साहेबांच्या नावाने रजिस्टर टपालाने रवाना केली.

कुणाचा खेळ होतो, कुणाचा जीव जातो, ही म्हण मी लहानपणापासून म्हणत आलो. ती माझ्या घराचा पत्ता विचारत येईल असं वाटलं नव्हतं.

तू म्हणशील, काकांना एवढं कळू नये? चार इंच पाऊस 'मंजूर' होतो का कधी? मग मी कपाटातून तुमच्या कचेरीची बावीस वर्षांची पत्रं काढली आणि तुझ्या परिपत्रकाशेजारी मांडली. एक्केचाळीस सालचं आहे: 'जुलैचे कार्ड भिजलेल्या अवस्थेत पोचले, याचा खुलासा करावा.' खुलासा मी केला, की जुलै होता. सत्तेचाळीसमध्ये भांड्याच्या कुंपणाला डांबर लावायची परवानगी मागितली होती. ती त्रेपन्नमध्ये आली, तोवर वाळवीने कुंपण खाल्लं होतं. बावन्न सालचं तर असं: 'फेब्रुवारी हा कोरडा महिना असताना आपण पाऊस का नोंदविला?' ही सगळी खरी पत्रं, बाबा. सही-शिक्क्याची. तुझं एकटं खोटं. मी चष्मा लावून, चष्मा काढून पाहिलं. फरक कुठे करायचा होता मी?

तुम्ही हुशार पोरं त्या कचेरीला हसता, ते मला समजतं. घुसमटीत माणूस हसणारच. पण खोलीतलं हसणं खोलीत ठेवायचं असतं. ते लिफाफ्यात घातलंस की दुसऱ्या टोकाला कोणीतरी ते खरं मानून पाळणारा बसलेला असतो. कारण त्याने आयुष्यभर तेच केलेलं असतं.

माझीही चूक आहे आणि ती तुझ्या चुकीखाली मी झाकणार नाही. साळू माझ्या शेजारी उभी होती. तिचं घर गेलं होतं, आणि मी तिच्यासमोर पाऊस बाटलीत भरून लाख लावत बसलो. डोळ्यांना सात इंच दिसत होते, हाताने चार लिहिले. नियम कोणी का घातला हे न विचारण्याची मला इतकी सवय, की त्या दिवशी समोर काय पडलंय हेही मी विचारलं नाही. वहीतल्या त्या पानावर आता दोन आकडे आहेत. पहिला मी खोडला नाही. त्याच्या बाजूला लिहिलं, 'हा चुकीचा, ग. आ.'

वहिनींना हे सांगितलंस का? सांग. दुसऱ्याकडून कळू देऊ नकोस.

गर्शोमकाका


पुणे, १२ सप्टेंबर १९५८

तीर्थरूप काकांस नमस्कार.

आईला सांगितलं. ती माझ्याशी बोलते, पण माझ्याकडे बघत नाही.

कचेरीचा निर्णय काल झाला. तुम्हाला नक्कल येईलच, पण आधी मी कळवतो. मोठ्या साहेबांपुढे अडचण अशी होती की परिपत्रक रद्द करायचं तर ते आधी निघालेलं असायला हवं, आणि ते तर निघालंच नव्हतं. तीन दिवस फाईल फिरली. शेवटी असं ठरलं: 'पनवेल केंद्रावरील दिनांक १८ जुलैच्या ३.४२ इंच जादा पावसास विशेष बाब म्हणून कार्योत्तर मंजुरी देण्यात येत आहे.' म्हणजे झाल्यावर दिलेली मंजुरी. खाली तीन सह्या आहेत. काका, आम्ही सहाजणांनी मिळून एवढी गंमत कधी रचली नसती. बळीरामने ते वाचलं, माझ्याकडे पाहिलं, आणि कोणीच हसलं नाही.

पण कागद खरा आहे. त्याची एक प्रत मामलेदारांना गेली. आकडा आता सात इंच बेचाळीस. माळ मिळेल.

मला कायम केलेलं नाही. उमेदवारी एक वर्ष वाढवली आणि ताकीद दिली. काढून टाकतील असं वाटलं होतं. काढलं असतं तर जरा मोकळं वाटलं असतं. मी कबुली दिली त्याच्या दुसऱ्या दिवशी बळीराम आपणहून आत गेला आणि स्वतःचं नाव सांगून आला. भिंतीवरचे आलेख आम्ही उतरवले.

सोमवारी नव्याचा सण, आपलं नवं वर्ष. मग दारफळणी. दारं लावून, दिवसभर उपास करून देवाकडे वर्षाची माफी मागायची. मी कोणत्या तोंडाने मागू? साळूसाठी पत्र लिहिलं आहे, सोबत आहे. चार वेळा फाडलं, हे पाचवं. तिला वाचता येत नाही, म्हणून तुम्ही वाचून दाखवा. त्यात मी काही दडवलेलं नाही.

तुमची माफी निराळी मागतो. अपराध पोटात घाला असं म्हणत नाही.

आपला,
मोझेस


पनवेल, १८ सप्टेंबर १९५८

चि. मोझेस यास आशीर्वाद.

तुझ्या शेवटच्या ओळीचं उत्तर आधी देतो. तू माझ्या भावाचा मुलगा आहेस, आणि मी तुला माफ केलं. माझ्यापुरतं. आपल्या शहाण्यांनी सांगून ठेवलंय ते तुलाही ठाऊक आहे, की देवाचा अपराध देव माफ करतो, माणसाचा अपराध त्या माणसानेच माफ करावा लागतो. तिथे देवही मधे पडत नाही.

मंगळवारी काशिराम कारकून स्वतः माळावर आले. अकरा घरांच्या खुणा आखल्या, खुंट्या मारल्या. जाताना मला बाजूला घेऊन म्हणाले, "आपटेकर, त्या दिवशी मी बाटल्या बघायला तरी यायला हवं होतं." मी म्हटलं, "तुम्ही नियमाने वागलात." ते म्हणाले, "तुम्हीही."

काल संध्याकाळी तुझं पत्र घेऊन मी साळूकडे गेलो. माळावर नव्या कुडाला शेण लावत होती. आधी मी माझं सांगितलं, की पोरी, तुझ्यासमोर मी चूक लिहिली. तिने हात थांबवला नाही. मग मंजुरीचा कागद वाचून दाखवला. तेव्हा थांबली.

"पाऊस मंजूर झाला?"

"हो."

"मंग तवा पडला तो कुनाला इचारून?"

बुधा दोरी वळत होता, तो हसला. आई गेल्यावर पहिल्यांदाच हसला असेल. साळू नाही हसली.

मग तुझं पत्र वाचलं. पहिल्या अक्षरापासून शेवटच्या अक्षरापर्यंत, काहीही न गाळता. ते आठ दिवस तू खिशात पत्र घेऊन हिंडलास तेही. पत्र चांगलं आहे, मोझेस. वाचून संपलं. शेणाचा हात तिने गवताला पुसला, कागद माझ्या हातातून घेतला, उलटा-सुलटा पाहिला आणि परत दिला.

म्हणाली, "काका, लई कागुद झालं. चार इंचाचा कागुद, सात इंचाचा कागुद, आता ह्यो. मला वाचता येत नाय. तुमचा पुतन्या मी पायला नाय, त्यानं माजी सासू पायली नाय. त्याला सांगा, कागुद नको पाठवू. तू ये."

मी विचारलं, "आला तर काय बोलशील?"

"आल्याबिगर कसं सांगू?"

तर येत्या मंगळवारी संध्याकाळी दारफळणीची दारं लागतील. त्याआधी सोमवारची सकाळची एस.टी. धर. नाक्यावर उतर आणि नदी ओलांडून माळाकडे जा. घरी माझ्याकडे आधी येऊ नकोस. मी तुझ्याबरोबर येणार नाही. वाट कोणालाही विचार, दाखवतील.

तुझा,
गर्शोमकाका